तिसऱ्या कप्प्याचा मुकदमा

मी एक पान फाडलं होतं. कपडे धुण्याच्या विलायती यंत्राबरोबर आलेल्या इंग्रजी पुस्तिकेतलं पान. एका बाजूला तेरा आकडा, दुसऱ्या बाजूला चौदा. चौदावर ठळक अक्षरांत छापलं होतं की यंत्राच्या तिसऱ्या कप्प्यात खळ कधीही घालू नये. आणि मी तर तीन महिने सगळ्या घराला सांगत आलो होतो की तिसरा कप्पा खळीचाच आहे. ते पान मी सदऱ्याच्या खिशात घातलं, आणि दुसऱ्या दिवशी त्याच पुस्तिकेवर हात ठेवून, शपथ घेऊन, खोटं बोललो. त्या खोट्यानं एका बाईच्या हाताला नाव ठेवलं गेलं.

हे ज्यांच्या ओसरीवर घडलं त्यांच्याबद्दल लिहायचं तर आधी एवढं कबूल करणं भाग आहे. ते असते तर म्हणाले असते, “मास्तर, आधी बयान. बाकीची बात मंग.”

आम्ही सगळे त्यांना पेशकारसाहेब म्हणायचो. निजामाच्या अमदानीत ते कचेरीत पेशकार होते. साक्षीदार मराठीत बोलायचा, खटल्याची मिसल उर्दूत लिहिली जायची, आणि दोहोंच्या मध्ये तर्जुमा करायला हे बसायचे. मी जुन्या जालन्यात त्यांच्याकडे भाडेकरू म्हणून गेलो तेव्हा निजामाचं राज्य जाऊन पंचवीसेक वर्षं झाली होती. साहेबही पेन्शनीत निघाले होते. पण निघताना कचेरी त्यांनी घरी आणली होती.

घरात काही बिघडलं, सांडलं, हरवलं की साहेब मुकदमा दाखल करायचे. त्यासाठी लाल कापडी पुठ्ठ्याचं एक रजिस्टर होतं. भिंतीवरचं घड्याळ रोज सात मिनिटं मागं पडायचं. त्याला त्यांनी तीन ताकिदा दिल्या, तिन्ही लेखी. चौथ्या दिवशी घड्याळ लाल कापडात बांधून कपाटात गेलं. सजा, सहा महिन्यांची साधी कैद. सहा महिन्यांनी बाहेर काढलं तेव्हा ते मुळीच चालत नव्हतं.

“सुधरलं,” साहेब म्हणाले. “आता निदान झूट तरी बोलत न्हाई.”

शेजारच्या कोंबड्यावर वाळवणातली ज्वारी खाल्ल्याचा आळ होता. गवाह मिळाला नाही म्हणून तो सुटला. वर साहेबांनी त्याला मूठभर ज्वारी घातली, नाहक बदनामी झाली म्हणून. काकूंनी म्हणजे त्यांच्या पत्नीनं सकाळी “भाजी काय करू?” असं विचारलं तर ते डोळे मिटून दोन्ही बाजू ऐकल्यासारखं करायचे आणि म्हणायचे, “पुढची तारीख.” काकू मग वांगी चिरायच्या. त्या घरात चाळीस वर्षं प्रत्येक तारखेला वांगीच झाली असावीत.

साहेबांच्या अंगावरचं कापड वाकत नसे. पांढरी शेरवानी, पांढरा पायजमा, पांढरी टोपी, सगळ्याला कडक खळ. ते खुर्चीवर बसले की पापड मोडल्यासारखा आवाज यायचा. टोपी काढून ठेवली तर ती आत डोकं असल्यासारखी उभी राहायची. ही सगळी करामत कौसाबाईची. कौसाबाई त्यांच्याकडे पंधरा वर्षं धुणं-भांडी करत होती, आणि तिच्यासारखी तांदळाची खळ गल्लीत कोणाला जमत नव्हती. लग्नघरची माणसं धोतरं, फेटे कडक करायला तिला मुद्दाम बोलावून न्यायची.

मला खोली कशी मिळाली तेही सांगितलं पाहिजे, कारण पुढचा सगळा घोटाळा त्यातूनच झाला. मी पिंपळगाव रेणुकाईचा. आमच्या वस्तीतला पहिला बी.ए., तोही इंग्रजी घेऊन. माझी आई मळेवाल्यांच्या घरची धुणी धुवायची. माझी वह्या-पुस्तकं त्यातून झाली. जालन्याला शाळेत लागलो आणि खोली शोधायला निघालो. माणसं आधी गाव विचारायची, मग आडनाव, आणि मग त्यांना एकदम आठवायचं की खोलीत पाहुणे यायचे आहेत. पेशकारसाहेबांनी आडनाव विचारलंच नाही.

“तर्जुमा येतो?” त्यांनी विचारलं.

“कशाचा?”

“अंग्रेजीचा.”

“येतो.”

“मंग राहा.”

मी चाचरत म्हणालो, “भिंतीवर बुद्धाची तसबीर लावायची आहे.”

“खिळा हळू ठोका. भिंत मातीची हाय.”

एवढ्यावर झालं. पण माझ्या मनात एक पक्कं बसलं की खोली मिळाली ती इंग्रजीमुळे. ज्या दिवशी इंग्रजी अडेल त्या दिवशी वळकटी उचलावी लागेल.

यंत्र आलं ते दुष्काळानंतरच्या एका साली. बियाण्यांच्या कामासाठी आलेला एक इंग्रज नव्या जालन्यात स्टेशनजवळ राहत होता. तो मायदेशी परत निघाला तेव्हा त्याचं सामान विकायला काढलं. साहेब तिथं गेले होते खुर्ची बघायला. परत आले ते बैलगाडीत यंत्र घालून.

“खुर्ची?” काकूंनी विचारलं.

“खुर्चीचं सोड. ह्याला खिडकी हाय,” साहेब म्हणाले. त्यांचा आवाज भरून आला होता. “आतमधी काय चाललंय ते भाईर बसून दिसतं. अशी कोठडी मी उभ्या जन्मात पाह्यली न्हाई.”

यंत्र ओसरीवर बसवलं. माळवदावर लोखंडी पिंप ठेवून त्याची नळी खाली आणली. नळाला पाणी यायचं ते चार दिवसांतून एकदा, तेही करंगळीएवढं. म्हणून पिंप भरायचं काम कौसाबाईकडे आलं. ती जिन्यावरून घागरी चढवताना म्हणायची, “मिशीन आल्यापासून माझं काम हलकं झालंय म्हंतेत. पयले कपडे आपटत व्हते, आता ह्या जिन्यावर मी आपटून राह्यले.”

यंत्राच्या कपाळावर एक खण होता. तो ओढला की आत तीन कप्पे. पुस्तिकेत त्याचं चित्र होतं आणि प्रत्येक कप्प्याला एक बाण. वाचनाला साहेब खुर्चीवर, मी स्टुलावर, काकू उंबऱ्यात तांदूळ निवडत आणि कौसाबाई कमरेवर हात ठेवून उभी.

“पयला?” साहेबांनी विचारलं.

“भिजवण्याची पावडर.”

“दुसरा?”

“धुण्याची पावडर.”

“तिसरा?”

तिथं लिहिलं होतं, फॅब्रिक सॉफ्टनर. फॅब्रिक म्हणजे कापड हे मला ठाऊक होतं. सॉफ्ट म्हणजे मऊ हेही. पण चांगलं धुतलेलं कापड मुद्दाम मऊ करायचं, आणि त्यासाठी वर काहीतरी ओतायचं, हे मी ऐकलं नव्हतं. आमच्याकडे मऊ कापड म्हणजे विरलेलं कापड. त्याच्या गोधड्या शिवतात. “थांबा, शब्दकोश बघतो” म्हणालो असतो तर काही बिघडणार नव्हतं. “मला माहीत नाही” म्हणालो असतो तरीही नाही. पण ही तीन माणसं माझ्या तोंडाकडे बघत होती आणि मला भिंतीवरचा तो खिळा दिसत होता. मी मनाशी विचार केला. आधी भिजवणं, मग साबण, आणि सगळ्यात शेवटच्या पाण्यात काय घालतात?

“खळ,” मी म्हणालो.

“बराबर?”

“बिलकुल.”

साहेबांचा चेहरा उजळला. “बघ, अंग्रेजालाबी खळ लागती,” ते काकूंना म्हणाले. इंग्रजांवरचा एखादा जुना आरोप मागे घ्यावा तसं त्यांनी ते म्हटलं.

कौसाबाई मात्र पुढं आली. “खळ अशी लावतेत व्हय? वरून वतून? खळीत कापड बुडवाव लागतंय, पिळाव लागतंय, झटकाव लागतंय. हे डबडं काय झटकणार?”

“किताबात लिहिलंय, कौसा.”

“मंग त्या किताबालाच नेसवा.”

पहिल्या दोन धुण्यांना सगळं बरं चाललं. तिसऱ्या धुण्याला खण ओढून पाहिला तर तिसरा कप्पा तुडुंब भरलेला, आणि कपडे मात्र लुळे. साहेबांनी रजिस्टर उघडलं. ‘मुलजिम कप्पा नंबर तीन. दिलेली खळ गिळत नाही.’

मग तहकीकात सुरू झाली. आधी पाण्याच्या जोरावर संशय. पिंपाखाली दोन विटा घातल्या, मग चार. मग फरशीवर संशय. यंत्राच्या एका पायाखाली कौल, दुसऱ्याखाली फुटकी पाटी असं करता करता यंत्र इतकं वाकडं झालं की चालू केल्यावर ते हळूहळू स्वयंपाकघराकडे निघालं. काकूंनी त्याला केरसुणी दाखवली. मग खळीवर संशय. तांदळाची झाली, साबुदाण्याची झाली, मैद्याची झाली, चिंचोक्याचीही झाली. रजिस्टरमध्ये एकेक नोंद पडत गेली. ‘साबुदाणा दिला. गिळला नाही.’ ‘मैदा दिला. अर्धा गिळला, परत ओकला.’

कप्प्याच्या मागच्या बाजूला एक टोपण होतं आणि टोपणाखाली बारीक नळी. खळ त्या नळीत जाऊन थिजत होती. साहेबांनी केरसुणीचा हीर घालून नळी मोकळी करायचा प्रयत्न केला. हीर आत मोडला. तो काढायला दुसरा घातला. तोही मोडला. एके दिवशी काकूंनी कप्पा बाहेर काढून ताटात पालथा केला तर खळ त्याच आकारात, खरवसासारखी थरथरत बाहेर आली.

“वड्या पाडू का?” काकू म्हणाल्या. “वरून खोबरं भुरभुरते.”

“मास्तर, किताबात इलाज काय दिलाय?” साहेब विचारायचे.

“खळ पातळ करा म्हणतात,” मी सांगायचो. पुस्तिका मी सुरुवातीच्या चित्रांपलीकडे वाचलीच नव्हती. पुढं सगळा बारीक मजकूर होता, आणि एक शब्द अडला की पुढचा वाचायची मला भीती वाटायची.

आमच्या शाळेच्या बक्षीस समारंभाला साहेबांना अध्यक्ष म्हणून बोलावलं होतं, माझ्याच शब्दावर. त्यासाठी शेरवानी धुवायला टाकली. एवढे दिवस तुंबलेली नळी नेमकी त्या दिवशी एकाएकी मोकळी झाली आणि साठलेली सगळी खळ शेरवानीवर गेली, तीही उजव्या बाहीवर. वाळल्यावर डावी बाजू लुळी पडली आणि उजवी बाही चिनीमातीची झाली. दुसरी शेरवानी नव्हती. साहेबांनी कसाबसा हात आत सारला. तो कोपरात वाकेना, खालीही येईना.

समारंभात ते उजवा हात समोर काढून बसले. पहिल्या रांगेतल्या पालकांना वाटलं की साहेब आशीर्वाद देत आहेत. दोघांनी उठून नमस्कार केला. हेडमास्तरांनी तो हात तीन वेळा हातात घेऊन हलवला. बक्षिसं घेणारी मुलं त्या हाताच्या टोकाला येऊन उभी राहायची. भाषणात साहेब “इन्साफ!” म्हणाले आणि सवयीनं हात वर झटकला. त्याबरोबर बाहीतून खळीची एक वाळकी चकती निसटली आणि हेडमास्तरांच्या समोरच्या तबकात पडली. हेडमास्तरांनी तो बत्तासा समजून तोंडात टाकला. सभ्य माणूस. गिळला.

मी घरी आलो आणि पहिल्यांदा पुस्तिका अथपासून इतिपर्यंत वाचली. शब्दकोश शेजारी ठेवून. चौदाव्या पानावर ती ठळक ओळ सापडली. ओसरीवरून साहेबांचा आवाज ऐकू येत होता. ते काकूंना सांगत होते की उद्या रविवार आहे, उद्या फैसला. मी पान फाडलं.

रविवारी सकाळी साहेब टोपी घालून खुर्चीवर बसले. यंत्र त्यांच्या उजव्या हाताला. कौसाबाई समोरच मोरीवर तवा घासत होती.

“कौसाबाई हाजिर हो!” साहेबांनी पुकारलं.

“हितंच हाय की मालक. तुमच्या नाकासमोर.”

“तीनदा पुकारा लागतो. कौसाबाई हाजिर हो!”

“पुकारा मंग. तवर माझा तवा व्हतो.”

तिसऱ्या पुकाऱ्यानंतर ती पदराला हात पुसत आली. साहेबांनी आरोप वाचला. यंत्रामुळे आपली धुण्याची जागा जाईल या भीतीनं तिनं खळीत जाणूनबुजून गुठळ्या ठेवल्या, त्यामुळे नळी तुंबली आणि अध्यक्षांची बाही ताठली.

“गुठळी? माझ्या खळीत?” कौसाबाई आधी मोठ्यानं हसली. मग हसायची थांबली. “मालक, पंधरा वर्सं तुमच्या टोपीला खळ लावून राह्यले. एक डाग दावा. एक कण दावा. तुमच्या त्या डबड्याला खळ पचंना, त्याला मी काय करू?”

“गवाह काय म्हणतो बघू,” साहेब म्हणाले आणि माझ्याकडे वळले. “मास्तर, हात ठेवा.”

मी पुस्तिकेवर हात ठेवला. तिचं एक पान माझ्या खिशात होतं. मला वाटत होतं की ते सदऱ्यातून बाहेर दिसतंय.

“तिसऱ्या कप्प्याबद्दल किताबात काय लिहिलंय ते सांगा. जसंच्या तसं. तर्जुमा बराबर झाला पाह्यजे.”

“लिहिलंय की...” मी म्हणालो, “की खळ गाळलेली असावी. गुठळी असली तर नळी बंद होते.”

कौसाबाईनं माझ्याकडे पाहिलं. “मास्तर, असं लिहिलंय?”

“हो.”

मी गावाकडून आलो त्या पहिल्या आठवड्यात हीच बाई माझ्या खोलीत डोकावून म्हणाली होती, “काही लागलं तर सांगत जा, आपल्याच मुलखाचा हाईस.” ते मला नेमकं त्या वेळी आठवलं. आठवूनही मी गप्प राहिलो.

साहेबांनी निकाल लिहिला. जुर्म साबीत. सजा, एक ताकीद. त्यांच्या हिशेबी ही सजा म्हणजे काहीच नव्हती. घड्याळाला तीन मिळाल्या होत्या. पण कौसाबाईनं तवा भिंतीला नीट उभा करून ठेवला. हात धुतले. कमरेला खोचलेला पदर सोडला.

“ज्या घरात माझ्या खळीत गुठळी निघाली, त्या घराची पायरी मी चढणार न्हाई,” ती म्हणाली. काकू तिच्या मागं दारापर्यंत धावल्या. ती वळली नाही.

गल्लीला एक शब्द पुरतो. आठ दिवसांत ‘गुठळी’ चहूकडे झाली. “कौसाबाई, गाळून आण बरं का,” बाया नळावर म्हणायच्या आणि हसायच्या. त्या लग्नसराईत एकाही घरातून तिला बोलावणं गेलं नाही. मी हे सगळं ऐकत होतो, शाळेत जात होतो, मुलांना इंग्रजी शिकवत होतो.

एका दुपारी घरात कोणी नसताना मी तो कप्पा काढून गरम पाण्यात बुडवून ठेवला. तासाभरानं टाचणीनं नळी कोरली. हिराचे दोन्ही तुकडे निघाले. मग साधं पाणी घालून पाहिलं. रेघेपर्यंत भरलं की ते शहाण्यासारखं थांबायचं; वरून आणखी पाणी आलं की नळी सगळं एका दमात ओढून घ्यायची. यंत्रात काडीची खोड नव्हती. पण आता ते सांगायचं कोणाला? साहेबांनी मुद्देमाल म्हणून यंत्राच्या खणावर लाखेची मोहर लावली, आणि पुढची दोन वर्षं काकू त्याच्या डोक्यावर सांडगे वाळत घालत राहिल्या.

त्या दोन वर्षांत एक गोष्ट गल्लीनं पाहिली. पेशकारसाहेब मऊ पडले. त्यांच्या टोपीचा शेंडा प्रथम एका बाजूला कलला, मग दोन्ही बाजूंनी बसला. शेरवानी अंगावरून ओघळायला लागली. काकू म्हणाल्या, “मी लावते खळ,” तर म्हणाले, “नको.” परटाकडे टाकू म्हटलं, तरी नको. मला वाटायचं कौसाबाईच्या हाताची सर दुसऱ्या कोणाला येत नाही म्हणून असेल. आणि दर महिन्याला, जिन्यात नाहीतर अंगणात गाठून, ते मला एकच विचारायचे.

“मास्तर, किताब पुरी वाचली का?”

“वाचतोय,” मी म्हणायचो.

“वाचा, वाचा. जल्दी न्हाई.”

भोकरदनच्या शाळेत मला नेमणूक मिळाली. ट्रंक भरताना तळाशी ते पान हाती आलं. चौघडी घातलेलं, घडीवर विरलेलं. मी ते घेऊन ओसरीवर गेलो. साहेब खुर्चीत होते; डोक्यावर ओल्या पापडासारखी टोपी. मी पान त्यांच्या मांडीवर ठेवलं आणि उभ्या उभ्या सगळं सांगितलं.

त्यांनी पानाकडे बघितलंसुद्धा नाही. उठून कपाट उघडलं, कैदी घड्याळ बाजूला सरकवलं आणि लाल रजिस्टर काढलं. कौसाबाईच्या निकालाखाली, त्याच रविवारची तारीख घालून, एक ओळ होती. ‘किताबात बारा पानानंतर एकदम पंधरा. गवाह झूटा. फैसला रद्द. मुकदमा खुला.’

“तुम्हाला माहीत होतं?”

“पानं मोजल्याबिगर मी आजपरेंत एक मिसल बंद केली न्हाई.”

“मग बोलला का नाहीत?”

“दुसऱ्या दिशीच तिच्याकडं गेल्तो. माफी मागितली. ती म्हणाली, मालक, तुम्ही लिहिलं, पण गुठळी काढली ते तोंड दुसरं हाय. ते तोंड घेऊन या. आन धरून आणू नका, आपल्या पायानं येऊ द्या.” त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. ती पसरली. “मी तिला तीनदा तेच ईचारलं. तिनं तीनदा तेच सांगितलं.”

“आणि खळ?”

“चुकीचा फैसला कुणी दिला? मी. मला काही सजा पाह्यजे का न्हाई? मुकदमा मिटंपरेंत खळ बंद.”

मी खाली बघत म्हणालो, “मला वाटलं, माझं इंग्रजी चुकलं म्हटल्यावर तुम्ही खोली सोडायला सांगाल.”

“खोली?” साहेबांना खरंच कळेना. “खोलीचा काय संबंध?”

“तुम्ही विचारलं होतं ना, तर्जुमा येतो का.”

“ते तर मी येईल त्याला ईचारतो,” साहेब म्हणाले. “तुमच्या आधीचा भाडेकरू न्हाई म्हणाला. सहा वर्सं राह्यला.”

आम्ही लगेच निघालो. कौसाबाई नदीकाठच्या वस्तीत राहायची. साहेबांच्या हातात रजिस्टर आणि दौत-टाक, माझ्या डोक्यावर त्यांची खुर्ची; खुर्चीशिवाय कचेरी भरत नाही असं त्यांचं म्हणणं. गल्लीतली माणसं बघत होती.

कौसाबाई दारात धुणं पिळत होती. तिनं आधी साहेबांकडे पाहिलं, मग खुर्चीखालच्या माझ्याकडे.

“आणलं का तोंड?” तिनं विचारलं.

“आपल्या पायानं आलंय,” साहेब म्हणाले.

मी खुर्ची मांडली. साहेब बसले. अंगावर काहीच कडक नसल्यामुळे आवाज झाला नाही. कौसाबाई पायरीवर टेकली आणि मला म्हणाली, “वाच.”

मी पान उघडलं. एक ओळ इंग्रजीत वाचली, मग मराठीत सांगितली. “तिसऱ्या कप्प्यात कापड मऊ करण्याचं औषध घालावं.”

“मऊ? मुद्दाम?”

“हो.”

“येडी हायेत का काय ती माणसं?” तिनं साहेबांना विचारलं. साहेबांनी खांदे उडवले. “फुडं वाच.”

“या कप्प्यात खळ कधीही घालू नये. खळीनं नळी बंद होते.”

“कसलीबी खळ?”

“कसलीही. कितीही गाळलेली असली तरी.”

तिनं हातातला पिळा पायरीवर ठेवला. वस्तीतल्या दोन-चार बाया आपापल्या दारात येऊन उभ्या राहिल्या होत्या. नळावरच्याही काही होत्या.

“आता बोल,” कौसाबाई म्हणाली. “आन गपचिप माझ्या कानात बोलू नको. गुठळीची बात पार त्या टोकापरेंत गेल्ती.”

साहेबांनी टाक दौतीत बुडवला. मी वस्तीकडे तोंड केलं. वर्गात मागच्या बाकापर्यंत आवाज पोचवायची मला सवय होती; तोच आवाज लावला.

“कौसाबाईंच्या खळीत गुठळी नव्हती! मला इंग्रजी शब्द कळला नव्हता, आणि मी खोटं बोललो! कौसाबाई, मला माफ करा!”

समोर कोणी हसलं नाही. मी मागं वळून पाहिलं. पेशकारसाहेब रजिस्टरवर वाकून लिहीत होते. मान वर न करता ते म्हणाले, “तीनदा पुकारा लागतो, मास्तर.”

मी पुन्हा वस्तीकडे वळलो, आणि पहिल्यापेक्षा मोठ्यानं म्हणालो, “कौसाबाईंच्या खळीत गुठळी नव्हती! मी खोटं बोललो! मला माफ करा!” आणि मग तिसऱ्यांदा, वस्तीकडे पाठ करून, फक्त तिच्याकडे बघत, “कौसाबाई, मला माफ करा.”